बॅडमिंटनचा जगज्जेता कोण? हे ठरवणारी स्पर्धा १९७७ पर्यंत नव्हतीच

सिंधू जिंकली, सात्विक-चिराग जिंकले, लक्ष्य फायनलला गेला की आपल्या फीडवर पहिल्या दहा मिनिटांत पोस्ट पडायला लागतात. एक जण लिहितो 'वर्ल्ड चॅम्पियन', दुसरा 'वर्ल्ड कप जिंकला', तिसरा म्हणतो 'अरे हे तर ऑल इंग्लंड आहे'. मग खाली कमेंटमध्ये वाद. थॉमस कप मोठा की ऑलिम्पिक? ऑल इंग्लंडमध्ये बाहेरच्या देशांचे खेळाडू कसे? आणि प्रकाश पदुकोण वर्ल्ड चॅम्पियन होते की नव्हते?

गोंधळ होणं साहजिक आहे, कारण बॅडमिंटनचा इतिहासच तसा आहे. हा खेळ नियमाने खेळला जायला लागून शंभर वर्षं होत आली तरी त्याची अधिकृत जागतिक स्पर्धा नव्हती. ती सुरू झाली १९७७ मध्ये. म्हणजे क्रिकेटचा पहिला पुरुषांचा वर्ल्ड कप झाला, त्यानंतर दोन वर्षांनी. आणि ती सुरू झाल्यावर वर्षभरातच जगात बॅडमिंटनच्या दोन संघटना झाल्या, दोन जागतिक स्पर्धा झाल्या आणि दोन जगज्जेतेही झाले.

ही भानगड नेमकी काय होती, आणि आज ज्या स्पर्धा आपण बघतो त्या कुठून आल्या, ते एकेक करून बघूया.

सुरुवात पुण्यातून, नाव मात्र इंग्लंडमधल्या वाड्याचं

पिसांचं फूल फळीने उडवत ठेवायचा खेळ युरोपात आणि आशियात फार जुना आहे. पण त्यात जाळी नव्हती, हार-जीत नव्हती. फूल जमिनीवर पडू द्यायचं नाही, एवढाच नियम.

एकोणिसाव्या शतकाच्या मध्यात भारतातल्या ब्रिटिश लष्करी अधिकाऱ्यांनी यात जाळी आणली आणि तो समोरासमोर खेळायचा सामना झाला. पुण्याच्या छावणीत हा खेळ इतका लोकप्रिय झाला की त्याला 'पूना' असंच म्हटलं जायला लागलं. वारा असला की पिसांच्या फुलाऐवजी लोकरीचा चेंडू घेऊन खेळायचे. सुट्टीवर आणि निवृत्त होऊन मायदेशी गेलेल्या अधिकाऱ्यांनी हा खेळ सोबत नेला.

इंग्लंडमध्ये ग्लॉस्टरशायर भागात ड्यूक ऑफ ब्यूफोर्ट यांचं घराणं राहतं, त्यांच्या वाड्याचं नाव बॅडमिंटन हाऊस. खेळाला नाव मिळालं ते या वाड्यावरून. 'पूना' हे नाव मागे पडलं.

पुढे १८७७ मध्ये बाथ शहरातल्या क्लबने नियम लिहून काढले आणि १८९३ मध्ये इंग्लंडची बॅडमिंटन असोसिएशन स्थापन झाली. तेव्हाचं कोर्ट आजच्यासारखं चौकोनी नव्हतं. जाळीपाशी अरुंद आणि दोन्ही टोकांना रुंद, म्हणजे वाळूच्या घड्याळासारखं होतं. १९०१ मध्ये ते सरळ आयताकृती झालं.

ऑल इंग्लंड : नाव एका देशाचं, मान सगळ्या जगाचा

एप्रिल १८९९. लंडनमध्ये बकिंगहॅम गेट इथे एका लष्करी रेजिमेंटचा कवायतीचा हॉल होता. तिथे असोसिएशनने पहिली मोठी स्पर्धा भरवली. फक्त दुहेरीचे तीन प्रकार होते : पुरुष, महिला आणि मिश्र. एकेरी पुढच्या वर्षी, १९०० मध्ये आली. हीच ती ऑल इंग्लंड. दोन महायुद्धांची वर्षं आणि कोविडचं २०२१ चं थोडं विस्कटलेलं वर्ष वगळलं तर ती आजतागायत चालू आहे. आज ती बर्मिंगहॅममध्ये होते.

सुरुवातीला इथे खेळणारे बहुतेक इंग्लिश आणि आयरिश. पण जगात दुसरी मोठी स्पर्धाच नव्हती. त्यामुळे हळूहळू डेन्मार्क, स्वीडन, अमेरिका, मलाया इथले खेळाडू यायला लागले आणि 'जो ऑल इंग्लंड जिंकेल तोच जगात भारी' असा अलिखित नियम झाला. कागदावर ती एका देशाची स्पर्धा होती, लोकांच्या मनात मात्र जागतिक.

या काळातलं सगळ्यात मोठं नाव म्हणजे सर जॉर्ज थॉमस. या माणसाने ऑल इंग्लंडची एकूण २१ विजेतेपदं जिंकली. त्यातली सलग चार एकेरीची, १९२० ते १९२३. ते विम्बल्डनला टेनिस खेळायचे आणि बुद्धिबळातही वरच्या दर्जाचे होते. १९३४-३५ च्या हेस्टिंग्ज स्पर्धेत त्यांनी कापाब्लांका आणि बोटविनिक या दोघांनाही हरवलं होतं. कापाब्लांका तेव्हा माजी विश्वविजेता होता आणि बोटविनिक पुढे विश्वविजेता झाला.

नऊ देशांची संघटना, त्यात आशियाचा एकही नाही

जुलै १९३४ मध्ये इंटरनॅशनल बॅडमिंटन फेडरेशन, म्हणजे आयबीएफ, स्थापन झाली. सदस्य नऊ : इंग्लंड, स्कॉटलंड, वेल्स, आयर्लंड, डेन्मार्क, नेदरलँड्स, फ्रान्स, कॅनडा आणि न्यूझीलंड.

यादी नीट बघा. ज्या खंडातून खेळ तिकडे गेला, त्या आशियाचा एकही देश यात नाही. भारत दोन वर्षांनी, १९३६ मध्ये सदस्य झाला. ही गोष्ट लक्षात ठेवा, कारण चाळीस वर्षांनी जे भांडण झालं त्याचं मूळ इथेच आहे.

आयबीएफचे पहिले अध्यक्ष झाले सर जॉर्ज थॉमसच. १९३९ मध्ये त्यांनी देशादेशांमधल्या पुरुषांच्या सांघिक स्पर्धेची कल्पना मांडली आणि त्यासाठी चषक दिला. टेनिसमध्ये डेव्हिस कप असतो, तसं बॅडमिंटनचं काहीतरी हवं, असा विचार. पण त्याच वर्षी दुसरं महायुद्ध सुरू झालं आणि चषक तसाच पडून राहिला.

थॉमस कप : पहिल्याच फटक्यात आशियाने नेला

अखेर १९४८-४९ मध्ये थॉमस कप सुरू झाला. फायनल इंग्लंडमधल्या प्रेस्टन इथे झाली. समोरासमोर होते डेन्मार्क आणि मलाया. निकाल : मलाया ८, डेन्मार्क १.

तेव्हा मलाया ब्रिटिशांच्या ताब्यात होता. त्याने युरोपातल्या सगळ्यात तगड्या संघाला इंग्लंडच्याच भूमीवर असं धुतलं. १९५२ आणि १९५५ चा कपही मलायानेच जिंकला. याच संघातले वाँग पेंग सून १९५० मध्ये ऑल इंग्लंडची पुरुष एकेरी जिंकणारे पहिले आशियाई खेळाडू ठरले. एकदा जिंकून ते थांबले नाहीत, एकूण चार वेळा जिंकले.

१९५८ मध्ये इंडोनेशिया पहिल्यांदा थॉमस कप खेळला आणि पहिल्याच वेळी चषक घेऊन गेला. त्यानंतर १९७९ पर्यंत कप फिरला तो फक्त या दोन शेजाऱ्यांमध्ये, मलाया म्हणजेच पुढचा मलेशिया, आणि इंडोनेशिया.

महिलांसाठी अशीच स्पर्धा १९५६-५७ मध्ये सुरू झाली, ती उबर कप. ऑल इंग्लंडची १३ विजेतेपदं मिळवणाऱ्या इंग्लंडच्या बेटी उबर यांनी तिचा चषक दिला, म्हणून हे नाव. (टॅक्सीच्या ॲपशी काही संबंध नाही, हा प्रश्न दर दोन वर्षांनी कुणीतरी विचारतंच.) पहिले तीन उबर कप कुणी जिंकले असतील? अमेरिकेने. त्या संघातल्या ज्युडी डेव्हलिन, लग्नानंतर ज्युडी हॅशमन, यांनी ऑल इंग्लंडची महिला एकेरी दहा वेळा जिंकली. १९६६ मध्ये जपानने अमेरिकेची सद्दी मोडली आणि इथेही सूत्रं आशियाकडे आली.

मग भारत कुठे होता?

भारत होता, पण एकेकट्या खेळाडूंच्या रूपात.

१९४७ च्या ऑल इंग्लंडला भारतातून दोन खेळाडू गेले, प्रकाश नाथ आणि देविंदर मोहन. उपांत्यपूर्व फेरीत दोघे एकमेकांसमोर आले. एकमेकांचा खेळ दोघांनाही पाठ होता. उगाच दमण्यापेक्षा त्यांनी नाणं उडवून निकाल लावला आणि प्रकाश नाथ पुढे गेले, थेट फायनलपर्यंत. फायनलच्या वेळी त्यांच्या हाती वर्तमानपत्र पडलं. त्यात त्यांचं शहर, लाहोर, दंगलीत पेटल्याची बातमी होती. त्या मनःस्थितीत ते स्वीडनच्या कॉनी जेप्सेनकडून हरले. फाळणीनंतर ते पुन्हा त्या पातळीवर खेळले नाहीत.

यानंतरचं नाव आपल्या जवळचं. सांगलीत जन्मलेले नंदू नाटेकर. १९५४ मध्ये त्यांनी ऑल इंग्लंडची उपांत्यपूर्व फेरी गाठली. १९५६ मध्ये क्वालालंपूरला सेलँगर इंटरनॅशनल जिंकली आणि आंतरराष्ट्रीय विजेतेपद मिळवणारे ते पहिले भारतीय बॅडमिंटनपटू ठरले. थॉमस कपमध्ये भारताकडून खेळलेल्या १६ एकेरी सामन्यांपैकी १२ त्यांनी जिंकले. १९६१ मध्ये अर्जुन पुरस्कार सुरू झाला, तेव्हा पहिल्याच यादीत त्यांचं नाव होतं. २०२१ मध्ये पुण्यात त्यांचं निधन झालं.

१९६५ मध्ये लखनौला झालेल्या आशियाई अजिंक्यपद स्पर्धेत दिनेश खन्ना यांनी एकेरीचं सोनं जिंकलं. या स्पर्धेतलं भारताचं पुढचं सोनं यायला किती वर्षं लागली माहितीये? ५८. ते २०२३ मध्ये सात्विकसाईराज रंकीरेड्डी आणि चिराग शेट्टी यांनी दुबईत आणलं.

१९७७ : अखेर जागतिक स्पर्धा

सत्तरच्या दशकापर्यंत चित्र असं होतं. इंडोनेशियाचे रुडी हार्टोनो ऑल इंग्लंडची एकेरी जिंकत सुटले होते, १९६८ ते १९७४ सलग सात वेळा आणि १९७६ ला आठव्यांदा. थॉमस कप आशियात होता. पण जगातला सगळ्यात मोठा किताब अजूनही एका देशाच्या असोसिएशनच्या स्पर्धेत मिळत होता आणि आयबीएफचं मुख्यालयही इंग्लंडमध्येच होतं.

मे १९७७ मध्ये स्वीडनच्या माल्मो शहरात आयबीएफने पहिली जागतिक अजिंक्यपद स्पर्धा भरवली. डेन्मार्कचे फ्लेमिंग डेल्फ्स पुरुष एकेरीचे पहिले अधिकृत जगज्जेते झाले. डेन्मार्कच्याच लेने कोपेन यांनी महिला एकेरी आणि मिश्र दुहेरी दोन्ही जिंकल्या. पुरुष दुहेरी इंडोनेशियाने आणि महिला दुहेरी जपानने नेली.

पण या स्पर्धेत एक मोठा देश नव्हता : चीन.

दोन संघटना, दोन जगज्जेते

चीन आयबीएफचा सदस्यच नव्हता. त्यामुळे थॉमस कप नाही, ऑल इंग्लंड नाही. पण चिनी खेळाडू कच्चे नव्हते. इंडोनेशियात वाढलेले आणि नंतर चीनला गेलेले तांग शियानहू आणि हौ जियाचांग यांनी साठच्या दशकातच युरोपातल्या मोठमोठ्या खेळाडूंना मैत्रीपूर्ण सामन्यांत सहज हरवलं होतं. म्हणजे जगातले काही सर्वोत्तम खेळाडू जगातल्या सर्वोत्तम स्पर्धांच्या बाहेर होते.

आशिया आणि आफ्रिकेतल्या देशांच्या तक्रारी तीन होत्या.

पहिली : चीनला आत घ्या. पण मग तैवानचं काय, हा राजकीय पेच होता.

दुसरी : मतांचा हिशोब. आयबीएफमध्ये जुन्या आणि मोठ्या संघटनांना जास्त मतं होती. आशियाई देशांचं म्हणणं होतं, एक देश एक मत.

तिसरी : वर्णभेदी दक्षिण आफ्रिकेला संघटनेत ठेवायचं की नाही.

तडजोड झाली नाही. फेब्रुवारी १९७८ मध्ये हाँगकाँगमध्ये वर्ल्ड बॅडमिंटन फेडरेशन नावाची वेगळी संघटना उभी राहिली. तिने स्वतःच्या जागतिक स्पर्धा भरवल्या, १९७८ मध्ये बँकॉकला आणि १९७९ मध्ये चीनमधल्या हांगझौला. म्हणजे एकाच वेळी आयबीएफचे जगज्जेते फ्लेमिंग डेल्फ्स आणि दुसऱ्या संघटनेचे जगज्जेते चीनचे हान जियान. दोघेही स्वतःला जगज्जेते म्हणू शकत होते आणि दोघांची गाठ त्या किताबासाठी पडलीच नव्हती.

वरवर बघितलं तर हा दोन कार्यालयांमधला वाद. पण त्याची किंमत खेळाडूंनी मोजली. बॅडमिंटनपटूची ऐन भराची वर्षं पाच-सात असतात. चीनच्या एका अख्ख्या पिढीची ती वर्षं दाराबाहेर गेली.

पदुकोण जगज्जेते होते का?

आता आपण सुरुवातीच्या प्रश्नावर येतो.

मार्च १९८०, लंडनचं वेम्बली. ऑल इंग्लंडच्या फायनलमध्ये २४ वर्षांच्या प्रकाश पदुकोण यांनी इंडोनेशियाच्या लिम स्वी किंगला १५-३, १५-१० असं हरवलं. लिम आधीची दोन वर्षं ही स्पर्धा जिंकून आला होता. ऑल इंग्लंडची एकेरी जिंकणारे पदुकोण पहिले भारतीय.

त्याच वर्षी मे महिन्यात जकार्ताला आयबीएफची दुसरी जागतिक स्पर्धा झाली. ती जिंकली रुडी हार्टोनो यांनी. त्यामुळे कागदोपत्री १९८० चे जगज्जेते हार्टोनो आहेत, पदुकोण नाहीत.

पण त्या काळात लोकांच्या लेखी ऑल इंग्लंडचं वजन नव्या जागतिक स्पर्धेपेक्षा कमी नव्हतं. ८० वर्षांची पुण्याई एका बाजूला आणि तीन वर्षांची स्पर्धा दुसऱ्या बाजूला. म्हणून घरातली मोठी माणसं 'पदुकोण वर्ल्ड चॅम्पियन' म्हणतात तेव्हा ते अगदीच चूक नसतं, तांत्रिकदृष्ट्या बरोबरही नसतं.

यात भर म्हणजे १९८१ मध्ये क्वालालंपूरला पहिला बॅडमिंटन वर्ल्ड कप झाला. ही निमंत्रितांची बक्षिसाच्या रकमेची स्पर्धा होती, अधिकृत अजिंक्यपद नव्हे. पदुकोण तीही जिंकले. फायनलला समोर कोण होते? वर आलेले हान जियान. आणि १९८३ मध्ये कोपनहेगनच्या अधिकृत जागतिक स्पर्धेत पदुकोण यांना कांस्य मिळालं, या स्पर्धेतलं भारताचं पहिलं पदक.

चीन आत आला आणि सगळं बदललं

मे १९८१ मध्ये तोक्योला दोन्ही संघटना एक झाल्या. चीनला दार उघडलं.

परिणाम दिसायला वर्षही लागलं नाही. १९८२ मध्ये चीन पहिल्यांदाच थॉमस कप खेळला. लंडनला फायनलमध्ये इंडोनेशियाला ५-४ हरवून जिंकलासुद्धा. त्याच वर्षी झांग आयलिंग यांनी ऑल इंग्लंडची महिला एकेरी जिंकली. जे दाराबाहेर होते ते किती भारी होते, याचा हा पुरावा.

यानंतर वेळापत्रकही बदललं. थॉमस आणि उबर कप आधी तीन वर्षांनी व्हायचे, १९८४ पासून ते दर दोन वर्षांनी एकत्र व्हायला लागले आणि एका लढतीत नऊऐवजी पाच सामने झाले. जागतिक स्पर्धा १९८५ पासून दर दोन वर्षांनी व्हायला लागली. २००५ नंतर ती ऑलिम्पिकचं वर्ष सोडून दरवर्षी होते.

१९८९ मध्ये जकार्ताला तिसरी सांघिक स्पर्धा आली, सुदिरमान कप. इंडोनेशियाच्या बॅडमिंटन संघटनेचे संस्थापक डिक सुदिरमान यांच्या नावाने. यात स्त्री-पुरुष एकाच संघात असतात. चषकावर बोरोबुदूरच्या बौद्ध स्तूपाची प्रतिकृती आहे. पहिला चषक इंग्लिश सरदाराच्या नावाचा, तिसरा इंडोनेशियाच्या माणसाच्या नावाचा. चाळीस वर्षांत खेळाचं केंद्र कुठून कुठे सरकलं, ते या दोन नावांवरून कळतं.

ऑलिम्पिक : उशिरा आलं, पण सगळ्यात वर बसलं

१९७२ ला म्युनिकमध्ये बॅडमिंटन फक्त दाखवण्यापुरतं खेळवलं गेलं. १९८८ ला सोलमध्येही तसंच. खरी पदकं मिळायला लागली १९९२ ला बार्सिलोनात.

तिथे सुसी सुसांती आणि ॲलन बुडीकुसुमा यांनी महिला आणि पुरुष एकेरीचं सोनं जिंकलं. ऑलिम्पिकमध्ये इंडोनेशियाला त्याआधी कुठल्याच खेळात सुवर्ण मिळालं नव्हतं. या दोघांनी पुढे एकमेकांशी लग्न केलं. मिश्र दुहेरी १९९६ ला अटलांटात आली.

ऑलिम्पिक बाकीच्या सगळ्यांच्या डोक्यावर किती पटकन बसलं, हे समजायला मलेशियाच्या ली चाँग वेईकडे बघा. चार वेळा ऑल इंग्लंड जिंकला, वर्षानुवर्षं जगात पहिल्या क्रमांकावर राहिला. पण २००८, २०१२, २०१६ अशा तिन्ही ऑलिम्पिकमध्ये रौप्यावर थांबला आणि जागतिक स्पर्धेचं सोनंही मिळालं नाही. त्याचा प्रतिस्पर्धी, चीनचा लिन डॅन, पाच वेळा जगज्जेता आणि दोनदा ऑलिम्पिक विजेता. आज दोघांची तुलना निघाली की पहिला मुद्दा हाच असतो.

२००६ मध्ये आणखी दोन बदल झाले. आयबीएफचं नाव बॅडमिंटन वर्ल्ड फेडरेशन, म्हणजे बीडब्ल्यूएफ, झालं. तिचं मुख्यालय त्याआधीच, २००५ मध्ये, इंग्लंडमधल्या चेल्टनहॅमहून क्वालालंपूरला आलं होतं. आणि गुण मोजायची पद्धत बदलली. आधी सर्व्हिस आपली असेल तरच गुण मिळायचा आणि गेम बहुतेक १५ चा, महिला एकेरीत ११ चा असायचा. आता प्रत्येक रॅलीला गुण आणि गेम २१ चा झाला.

भारताची गाडी रुळावर

२००१ मध्ये पुलेला गोपीचंद यांनी ऑल इंग्लंड जिंकली, पदुकोणनंतर २१ वर्षांनी. २००९ ची जागतिक स्पर्धा हैदराबादला झाली. २०११ मध्ये लंडनच्या जागतिक स्पर्धेत ज्वाला गुट्टा आणि अश्विनी पोनप्पा यांनी महिला दुहेरीचं कांस्य आणलं. १९८३ नंतरचं हे पहिलं पदक. आणि तिथून २०२५ पर्यंत एकही जागतिक स्पर्धा अशी गेली नाही, जिथून भारत रिकाम्या हाताने परतला.

२०१२ ला लंडन ऑलिम्पिकमध्ये सायना नेहवालचं कांस्य, २०१६ ला रिओत सिंधूचं रौप्य, तोक्योत कांस्य, हे सगळ्यांना पाठ आहे.

जागतिक स्पर्धेत सिंधूची वाट मात्र खडतर होती. २०१७ ला ग्लासगोत जपानच्या नोझोमी ओकुहाराने तिला ११० मिनिटांच्या फायनलमध्ये हरवलं. २०१८ ला स्पेनच्या कॅरोलिना मारिनकडून हार. २०१९ ला स्वित्झर्लंडमधल्या बासेलला पुन्हा फायनल, पुन्हा समोर ओकुहारा. यावेळी २१-७, २१-७, अवघ्या ३८ मिनिटांत. एकेरीत भारताला पहिली अधिकृत जगज्जेती मिळाली.

त्याच दिवसांत, त्याच बासेलमध्ये पॅरा बॅडमिंटनची जागतिक स्पर्धा चालू होती. तिथे मुंबईत वाढलेली मानसी जोशी एसएल-३ गटात जगज्जेती झाली. त्या आठवड्यात आपल्या फीडवर ती फार कमी दिसली.

मग आला १५ मे २०२२. बँकॉक, थॉमस कपची फायनल. भारत याआधी फायनललाही कधी गेला नव्हता. १९७९ ला उपांत्य फेरीत डेन्मार्ककडून हरला होता. समोर १४ वेळा कप जिंकलेला इंडोनेशिया. उपांत्यपूर्व फेरीत मलेशिया आणि उपांत्य फेरीत डेन्मार्क, दोन्ही लढती ३-२ ने आणि दोन्हीकडे शेवटचा निर्णायक सामना एच. एस. प्रणॉयने काढून दिला, त्यातला एक पाय मुरगळलेला असताना. फायनलला त्याची गरजच पडली नाही. लक्ष्य सेन पहिला गेम ८-२१ ने हरून जिंकला, सात्विक-चिरागने पहिला गेम गमावून सामना काढला, किदंबी श्रीकांतने दोन गेममध्ये संपवलं. भारत ३, इंडोनेशिया ०.

सिंधूचं सोनं एका खेळाडूचं होतं. थॉमस कपला एकेरीचे तीन आणि दुहेरीच्या दोन जोड्या लागतात. एक नाटेकर किंवा एक पदुकोण असून तो मिळत नाही, हे ७३ वर्षांनी पूर्ण झालं. ज्या दुहेरीत आपण कायम लंगडे होतो, तिथे मुंबईचा चिराग आणि आंध्र प्रदेशातल्या अमलापुरमचा सात्विक उभे राहिले.

थोडक्यात : पुढच्या वेळी वाद झाला तर

ऑल इंग्लंड : १८९९ पासून. सगळ्यात जुनी, दरवर्षी. वैयक्तिक. आज बीडब्ल्यूएफच्या वर्ल्ड टूरमधल्या सगळ्यात वरच्या दर्जाच्या, सुपर १००० स्पर्धांपैकी एक. जिंकणारा 'ऑल इंग्लंड विजेता', जगज्जेता नव्हे.

जागतिक अजिंक्यपद : १९७७ पासून. वैयक्तिक. ऑलिम्पिकचं वर्ष सोडून दरवर्षी. जगज्जेता म्हणायचं ते इथल्या विजेत्यालाच. गंमत म्हणजे इथे बक्षिसाची रक्कम नसते, पदक आणि क्रमवारीचे गुण मिळतात.

थॉमस कप : १९४८-४९ पासून. पुरुषांचे संघ, दोन वर्षांनी.

उबर कप : १९५६-५७ पासून. महिलांचे संघ, थॉमस कपसोबतच. भारताला २०१४ आणि २०१६ ला कांस्य.

सुदिरमान कप : १९८९ पासून. स्त्री-पुरुषांचा मिश्र संघ, दोन वर्षांनी.

ऑलिम्पिक : १९९२ पासून पदकं. चार वर्षांनी एकदा, म्हणून सगळ्यात दुर्मिळ.

वर्ल्ड कप : १९८१ ला सुरू झालेली निमंत्रितांची स्पर्धा, आता होत नाही. त्यामुळे आजच्या कुठल्याही विजयाखाली 'बॅडमिंटन वर्ल्ड कप जिंकला' लिहिलेलं दिसलं, तर फॉरवर्ड करण्याआधी थांबा.

२०२५ च्या पॅरिसच्या जागतिक स्पर्धेनंतर पुढच्या, म्हणजे २०२६ च्या स्पर्धेचं यजमानपद नवी दिल्लीला देण्यात आलं. हैदराबादनंतर भारताला हा मान दुसऱ्यांदा मिळाला. १९३४ च्या त्या नऊ देशांच्या यादीत ज्याचं नाव नव्हतं, त्या देशासाठी ही छोटी गोष्ट नाही.